वेळ अमावस्या
१४. येळवस : वेळ अमावस्येचे बोलीतले नाव. लातूर, धाराशिव आणि लगतच्या सोलापूर-बिदर भागांत मार्गशीर्ष अमावस्येचा हा सण शेतातच होतो. रब्बीची ज्वारी तेव्हा उभी असते. कडब्याच्या कोपीत चुन्याने रंगवलेले पाच दगड पांडव म्हणून पुजतात. लेखकाने जेवण एका ओळीत उरकले आहे, ते बरे नव्हे. इथली भज्जी म्हणजे तळलेली भजी नव्हेत. तूर, हरभरा, वाटाणा यांचे ओले दाणे आणि पालेभाज्या चिंचेच्या पाण्यात, बेसन लावून शिजवलेला तो दाट प्रकार. सोबत बाजरीचे उंडे आणि मडक्यात आंबवलेली ज्वारीच्या पिठाची, ताकातली आंबील. लातूर-धाराशिवला या दिवशी जिल्हाधिकारी स्थानिक सुट्टी जाहीर करतात. — संपादक