लेखी माफी आणि तोंडी वचन



आठव्या हेन्रीचे नाव निघाले की आपल्याला त्याच्या सहा राण्या आठवतात. शाळेच्या पुस्तकाने तेवढेच आपल्या पदरात टाकलेले असते. माझे तर शाळेचे पुस्तकही अर्ध्यावर सुटले. पुढचे वाचन झाले ते युनियनच्या कचेरीत, एक सभा संपून दुसरी सुरू होईपर्यंतच्या वेळात. त्या वाचनात या राजाच्या कारकिर्दीतील एक प्रकरण माझ्या हाती लागले आणि ते मला सोडीना. इ. स. १५३६ च्या ऑक्टोबरात उत्तर इंग्लंडची रयत उठली. मोठी लढाई न होताच ती जवळजवळ जिंकली होती, आणि मोठी लढाई न होताच ती हरली. हे कसे झाले ते आज मी आपल्यापुढे मांडणार आहे.

प्रथम पार्श्वभूमी. १५३४ मध्ये पार्लमेंटने कायदा करून इंग्लंडच्या चर्चचे प्रमुखपद राजाकडे दिले. रोमच्या पोपशी असलेला संबंध तुटला. राजाचा मंत्री टॉमस क्रॉमवेल याने १५३५ मध्ये चर्चच्या सगळ्या उत्पन्नाची मोजदाद करविली आणि १५३६ मध्ये दुसरा कायदा आला: ज्या मठांचे वार्षिक उत्पन्न २०० पौंडांहून कमी आहे ते बंद करावेत, आणि त्यांची मालमत्ता राजाकडे जावी. त्याच वर्षी सुगीच्या दिवसांतील बहुतेक सणांच्या सुट्या रद्द झाल्या.

आता मठ बंद झाला म्हणजे काय झाले? राजधानीतल्या कारकुनाच्या वहीत एक रक्कम इकडून तिकडे गेली. पण उत्तरेकडच्या डोंगराळ, गरीब मुलखात मठ म्हणजे वाटसरूला आसरा होता, दुष्काळात दाणा होता. या उठावाचा पुढारी रॉबर्ट आस्क याची पुढे कैदेत जबानी झाली, तेव्हा त्याने हेच सांगितले: उत्तरेतले मठ गोरगरिबांना भिक्षा देत, पूल, रस्ते आणि समुद्राचे बांध सांभाळीत, आता तो पैसा मुलखाबाहेर जाणार आणि परत येणार नाही. हा माणूस सच्चा धर्मनिष्ठ होता, परंतु त्याच्या धर्मात पूल आणि बांधही येत होते, हे ध्यानात घ्यावे.

याच्या जोडीला जमिनीचे गाऱ्हाणे होते. कुळाचा बाप मेला आणि मुलाचे नाव लागायचे असले, किंवा जमीनदार बदलला, की नजराणा द्यावा लागे. उत्तरेकडे त्याला 'ग्रेसम' म्हणत. हा नजराणा वाढत चालला होता. गावाच्या सामाईक कुरणांना कुंपणे पडत होती. त्यात पार्लमेंटने बसविलेला कर वसूल करणारे अधिकारी, मठ बंद करणारे अधिकारी आणि पाद्र्यांची तपासणी करणारे अधिकारी असे तिघेही एकाच हंगामात गावोगाव फिरू लागले. अफवा उठल्या: गावच्या चर्चची चांदी नेणार, शेजारची चर्चे मोडून एक करणार, बारशावर नि लग्नावर कर बसणार. अफवा खोट्या होत्या. पण खोटी अफवा खऱ्या अनुभवाच्या जमिनीतच रुजते.

१ ऑक्टोबर १५३६ या दिवशी, रविवारी, लिंकनशरमधील लाउथ या गावी ठिणगी पडली. प्रवचन झाल्यावर लोकांनी चर्चच्या चांदीवर स्वतः पहारा बसविला. त्यांचा म्होरक्या होता निकोलस मेल्टन नावाचा जोडे शिवणारा. लोक त्याला 'कॅप्टन कॉबलर', म्हणजे जोडेशिव्या कप्तान, म्हणू लागले. दुसऱ्या दिवशी बिशपचा अधिकारी गावात आला, त्याला पकडून त्याची कागदपत्रे जाळली. दोन आठवड्यांच्या आत हा लिंकनशरचा उठाव धमक्यांनी विरून गेला. पण तोवर आग हंबर नदी ओलांडून यॉर्कशरमध्ये पोचली होती.

तेथे तिला रॉबर्ट आस्क भेटला. हा यॉर्कशरच्या एका खानदानी घरातला, लंडनमध्ये वकिली करणारा, एका डोळ्याने अंध. तो कामासाठी लंडनला निघाला होता. वाटेत जमावाने अडवून त्याला शपथ घालायला लावली, आणि थोड्याच दिवसांत तोच त्यांचा सरदार झाला. या चळवळीला नाव त्यानेच दिले: 'पिल्ग्रिमेज ऑफ ग्रेस', कृपेची यात्रा. आम्ही बंडखोर नाही, यात्रेकरू आहो. राजावर आमचा राग नाही, त्याच्या वाईट सल्लागारांवर आहे, असे त्याचे म्हणणे. ख्रिस्ताच्या पाच जखमा हे त्यांचे निशाण. १६ ऑक्टोबरला आस्क यॉर्क शहरात शिरला. बंद केलेल्या मठांत मठवासी परत बसविण्याचा त्याने हुकूम काढला. पाचसहा दिवसांनी लॉर्ड डार्सीने पॉन्टेफ्रॅक्टचा किल्ला त्याच्या स्वाधीन केला आणि स्वतःही शपथ घेतली.

वायव्येकडे तर याहून नवलाची गोष्ट घडत होती. तेथली पत्रके 'कॅप्टन पॉव्हर्टी' या सहीने फिरत होती. दारिद्र्य हाच सेनापती! पेन्रिथ गावी चार कप्तान नेमले गेले, त्यांची नावे विश्वास, दारिद्र्य, करुणा आणि दान.

मग हा धर्माचा उठाव की पोटाचा? इतिहासकारांत यावर शंभर वर्षांहून अधिक काळ वाद आहे. मॅडेलिन आणि रूथ डॉड्स या दोघी बहिणींनी १९१५ मध्ये या प्रकरणाचा दोन खंडांत इतिहास लिहिला. नंतरच्या अभ्यासकांपैकी कोणी जमिनीवर भर दिला, कोणी पुन्हा धर्मावर. माझ्या धंद्यातल्या माणसाला हा वाद थोडा चमत्कारिक वाटतो. डिसेंबरच्या आरंभी पॉन्टेफ्रॅक्ट येथे यात्रेकरूंनी २४ कलमांचे मागणीपत्रक तयार केले, ते पाहावे. पोपचा धार्मिक अधिकार मान्य करा, मठ परत द्या, क्रॉमवेलला शिक्षा करा, नजराणा दोन वर्षांच्या खंडापुरता मर्यादित ठेवा, कुंपणे पाडा, कर उठवा, पार्लमेंट उत्तरेच्या सोयीच्या ठिकाणी, नॉटिंगहॅम किंवा यॉर्क येथे, भरवा, जमिनीच्या वारशाबाबतचा नवा कायदा रद्द करा. यातली वारशाची मागणी जमीनदारांची, नजराण्याची मागणी त्यांच्याच कुळांची! एकाच कागदावर दोन्ही बसल्या, कारण वरती धर्माचे छत्र होते. ते छत्र नसते तर हे लोक एका मांडवाखाली आले नसते. पण छत्राखाली कोण कोणाशेजारी उभा आहे, हे विसरून चालत नाही.

आता डॉनकॅस्टरच्या पुलाकडे येऊ. ऑक्टोबरच्या अखेरीस डॉन नदीच्या उत्तरेस ३०,००० हून अधिक यात्रेकरू उभे होते. दक्षिणेस ड्यूक ऑफ नॉरफोकच्या हाताखाली राजाचे सैन्य होते, ते सुमारे ८,०००. लंडनची वाट अडविणारे दुसरे बळ नव्हते. नॉरफोकने लढाई टाळून बोलणी लावली. त्याच दिवसांत त्याने राजाला जे पत्र लिहिले ते आज छापील स्वरूपात कोणालाही वाचता येते. बंडखोरांना मी जे वचन देईन त्याचा राग मानू नये, कारण त्यातले काहीही मी पाळणार नाही, असा त्याचा आशय आहे. वाटाघाटीच्या मेजावर बसण्यापूर्वीच समोरच्याने शब्द मोडायचे ठरविले होते.

२७ ऑक्टोबरला तहकुबी झाली. यात्रेकरूंचे दोन प्रतिनिधी राजाकडे गेले. राजाने त्यांना दिवस न् दिवस अडकवून ठेवले आणि इकडे थंडी वाढत गेली. ६ डिसेंबरला पुन्हा डॉनकॅस्टरला बैठक झाली आणि नॉरफोकने राजाच्या नावे कबूल केले: सर्वांना माफी, उत्तरेत स्वतंत्र पार्लमेंट, मागण्यांचा विचार तेथे, तोवर मठांना हात लावणार नाही. यातली माफी तेवढी लेखी होती. बाकी सारे तोंडी.

सामान्य लोकांना हे पसंत नव्हते. आमच्या पाठीमागे बड्यांनी आपापला सौदा केला, अशी कुजबुज उठली. माफीचा कागद डोळ्यांनी पाहिल्याशिवाय हलणार नाही, असे ते म्हणू लागले. आस्कने पॉन्टेफ्रॅक्टला परत येऊन त्यांना समजाविले. राजाच्या हलकाऱ्याने माफी वाचून दाखविली. ८ डिसेंबरला लोक पांगले. आस्कने छातीवरचे पाच जखमांचे चिन्ह काढून टाकले. यापुढे राजाचेच चिन्ह धारण करू, असे तो म्हणाला.

श्रोतेहो, हे पान मी वाचले तेव्हा पुस्तक मिटून ठेवले होते. काही वर्षांपूर्वी एका कारखान्याचा लांबलेला संप मी असाच मागे घेतला. करारात पगारवाढ लिहिली गेली. सूड घेणार नाही, हे मात्र व्यवस्थापनाने केवळ तोंडाने सांगितले. गेटवरच्या सभेत मी लोकांना कामावर जायला सांगितले, तेव्हा मागे उभ्या असलेल्या एका वयस्कर कामगाराने विचारले, "भाऊ, ते शेवटचं कागदावर हाय का?" मी म्हणालो, शब्द दिलाय. वर्षाच्या आत पुढे असणारे अकरा जण घरी बसले. प्रत्येकाच्या पत्रात कारण निराळे होते. तो विचारणारा त्या अकरांत होता. म्हणून आस्कला दगाबाज किंवा विकला गेलेला पुढारी म्हणणारांना मी म्हणतो, सबुरी धरा. त्याने पैसा खाल्ला नाही. राजा खोटे बोलणार नाही, यावर त्याचा विश्वास होता, आणि त्याच्याभोवतीच्या जमीनदारांना राजाइतकीच आपल्या कुळांचीही धास्ती होती. त्यांना घाई होती.

त्या नाताळात राजाने आस्कला दरबारी बोलावले, गोड बोलला, मानाने वागविले. आणि उठावाची सगळी हकीकत त्याच्याकडून लिहून घेतली. वचन लिहून दिले नाही. हकीकत मात्र लिहून घेतली! आस्क समाधानाने परतला आणि लोकांना धीर देऊ लागला.

एका माणसाला मात्र हे उमगले होते. सर फ्रान्सिस बिगॉड, हा मजा म्हणजे धर्मसुधारणेच्या बाजूचा. पण त्याने माफीचा कागद बारकाईने वाचला आणि त्यातल्या पळवाटा लोकांना दाखविल्या. जानेवारी १५३७ मध्ये त्याने पुन्हा उठाव केला. हल आणि स्कारबरो घेण्याचा बेत फसला. हा उठाव शमविण्यासाठी स्वतः आस्क धडपडला. पण माफी होती ती आधीच्या कृत्यांना. राजाला नवा गुन्हा हवा होता, तो मिळाला. फेब्रुवारीत वायव्येची रयत कार्लाइलवर चालून गेली आणि मोडली गेली. नॉरफोकने लष्करी कायदा पुकारून ७४ जणांना त्यांच्या त्यांच्या गावी फाशी दिले. प्रेते टांगलेलीच ठेवायची होती. त्यांच्या बायकांनी, आयांनी ती रात्री उतरविली आणि पुरली. हे कळताच राजा संतापला. चौकशी झाली, बायकांच्या जबान्या घेतल्या गेल्या. पुढाऱ्यांच्या शौर्याबद्दल मी पुष्कळ वाचले आहे. त्या दोरखंड कापणाऱ्या हातांएवढे धैर्य फार थोड्या ठिकाणी वाचले.

एकूण सुमारे २०० माणसे मारली गेली. बिगॉड गेला, म्हातारा डार्सी गेला. यॉर्कमध्ये आरोपी ठरविणाऱ्या पंचांत आस्कच्या सख्ख्या भावाला बसविले होते. १२ जुलै १५३७ रोजी, बाजाराच्या दिवशी, ज्या यॉर्कमध्ये तो विजयी होऊन शिरला होता त्याच यॉर्कमध्ये आस्कला फाशी दिले आणि देह साखळदंडात टांगला.

१५४० पर्यंत लहानमोठे सगळे मठ संपले. क्रॉमवेलही त्याच वर्षी मारला गेला, पण यात्रेकरूंच्या मागणीवरून नव्हे, राजाच्या लहरीवरून. वारशाचा कायदा १५४० मध्ये बराच सैल झाला आणि जमीनदारांना मृत्युपत्राने जमीन देण्याची मोकळीक मिळाली. नजराण्याची मर्यादा आली नाही. यॉर्कला पार्लमेंटही आले नाही. १५४१ मध्ये राजा स्वतः आला, आणि त्या मुलखातल्या प्रतिष्ठितांनी गुडघे टेकून त्याची क्षमा मागितली.

एवढे मोठे बळ डॉनच्या काठी जमले होते. ते तलवारीने मोडले नाही. घरी पाठवून मोडले. लोक जमलेले असतात तोवरच त्यांच्या शब्दाला वजन असते, आणि ते वजन कागदावर उतरविल्याशिवाय त्यांना पांगू देणे हा पुढाऱ्याचा अधिकार नव्हे. पॉन्टेफ्रॅक्टच्या टेकडीवर कागद मागणारी ती अडाणी माणसे त्या दिवशी आपल्या वकील पुढाऱ्याहून शहाणी होती. त्यांचे नाव कोणी टिपून ठेवले नाही. माझ्या गेटवरच्या त्या माणसाचे नाव मात्र मला पाठ आहे. ते मी येथे सांगत नाही. पण तेव्हापासून कोणताही करार सही करण्यापूर्वी मी तो मागच्या रांगेत वाचून दाखवितो.