दोन पानिपतांमधले पान

मनमाडहून काचीगुड्याकडे जाणाऱ्या लोहमार्गावर जालन्यानंतर परतूर, सेलू आणि मानवत रोड ही स्थानके लागतात. फेब्रुवारी १७६० मध्ये उदगीर येथे निजामाचा पराभव केल्यावर सदाशिवरावभाऊ परतूरला आले आणि मार्चमध्ये तेथूनच उत्तरेच्या स्वारीवर निघाले. पानिपतच्या घटनामालिकेचा आरंभ असा मानवतच्या शेजारात आहे. मराठी मनात मात्र ती नेहमी तिच्या शेवटाकडून, १४ जानेवारी १७६१ या दिवसाकडून वाचली जाते. हा शेवट निराळा असता तर काय, या प्रश्नाला मराठी विज्ञानकथेत लक्षणीय रूप मिळाले ते जयंत नारळीकर (१९३८-२०२५) यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत. दोन समांतर विश्वांना जोडणारा दुवा या कथेत कशाचा बनलेला आहे, हा येथे विवेचनाचा विषय आहे.

इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका अपघातानंतर अशा मुंबईत वावरतात, जिथे ईस्ट इंडिया कंपनीचा अंमल अद्याप टिकून आहे. त्या विश्वात विश्वासरावांच्या रोखाने आलेली गोळी चुकली आणि पानिपत मराठ्यांनी जिंकले. गंगाधरपंत परतल्यावर राजेंद्र देशपांडे त्यांना या अनुभवाची उपपत्ती सांगतो. तिचा एक धागा कॅटॅस्ट्रॉफी थिअरीचा आहे. रने थॉम यांच्या १९७२ च्या ग्रंथाने प्रसिद्धीस आलेल्या या सिद्धान्तानुसार किंचितसा बदलही विशिष्ट बिंदूपाशी एकाएकी आमूलाग्र स्थित्यंतर घडवू शकतो. दुसरा धागा पुंजयामिकीतील अनिश्चिततेचा. याच अनिश्चिततेच्या प्रश्नातून ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये बहुविश्वांच्या कल्पनेला आधारभूत ठरलेली मांडणी केली होती.

परंतु उपपत्ती म्हणजे पुरावा नव्हे. गंगाधरपंतांचा अनुभव भ्रम नव्हता असे म्हणण्यास कथेत एकच आधार आहे: त्यांच्यापाशी राहिलेले बखरीचे फाटके पान. येथे कथेचा मराठी इतिहासलेखनाशी असलेला संबंध स्पष्ट होतो. वि. का. राजवाडे यांनी १८९८ मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड प्रसिद्ध केला, तो १७५० ते १७६१ या कालखंडातील पत्रांचा. त्याच्या प्रस्तावनेत बखरींमधील चुका आणि कालविपर्यास दाखवून त्यांनी अस्सल पत्रांना अग्रमान दिला. ज्या साहित्यप्रकाराची साक्ष पानिपतच्याच संदर्भात अशी कमकुवत ठरवली गेली, त्याच प्रकारातील एक पान नारळीकर दुसऱ्या विश्वाचा एकमेव भौतिक पुरावा म्हणून पुढे करतात. दुवा यंत्राचा नाही, संहितेचा आहे. दोन्ही विश्वांत बखर आहे. पाठभेद मात्र एकाच ठिकाणी आहे.

पुराव्याची ही निकड भारतीय कथापरंपरेला नवी नाही. ‘योगवासिष्ठा’तील गाधी ब्राह्मण पाण्यात बुडी मारतो आणि तेवढ्या अवधीत चांडाळ म्हणून एक अख्खे आयुष्य जगतो, त्या आयुष्यात आठ वर्षे कीर देशाचे राज्यही करतो. पुढे तो त्या प्रदेशात चौकशीला जातो, तेव्हा तेथील लोक सारे घडल्याची साक्ष देतात. गाधीला साक्ष मिळते, पण तिचा उलगडा विष्णूच्या मायेत होतो, म्हणजे साक्षच अखेर निरर्थक ठरते. गंगाधरपंतांच्या बाबतीत क्रम उलटा आहे. तेथे पान खरे ठरते आणि डळमळते ती ‘एकच इतिहास’ ही श्रद्धा.

पानिपतानंतरच्या समाजानेही दुसऱ्या शेवटाची शक्यता जिवंत ठेवली होती. पार्वतीबाईंनी भाऊसाहेबांचा मृत्यू मान्य केला नाही. पुढे भाऊसाहेब म्हणवणारा तोतया उभा राहिला. त्याला अनुयायी मिळाले, बंड झाले आणि १७७६ मध्ये त्याला देहान्त शासन झाले. तोतया म्हणजे दुसऱ्या विश्वातून आल्याचा दावा करणारा देहच होय. पेशवाईने त्याची चौकशी केली, साक्षी घेतल्या आणि एक वास्तव अधिकृत ठरवले. गंगाधरपंतांचे पान या चौकशीच्या पलीकडचे आहे, कारण ते दुसऱ्या वास्तवाचा दावा करते पण या वास्तवावर हक्क सांगत नाही.

कथेची मर्यादाही याच ठिकाणी दिसते. इतिहासाचा फाटा एका गोळीपाशी फुटतो असे मानले की रसदीची तूट, बिनलढाऊ माणसांचा भार, सूरजमल जाटाची फारकत आणि पैशाची चणचण ही कारणे मागे पडतात. योगायोग पराभवाचे दुःख हलके करतो, तशी जबाबदारीही हलकी करतो. परतूर येथे राघोबादादांऐवजी भाऊसाहेबांची योजना झाली, तो निर्णय होता. गोळी लागली, ती घटना. बहुविश्वांची कल्पना घटनांना सहज सामावून घेते. निर्णयांचे काय करावे, हे ती सांगत नाही.

मानवतच्या वाचकासाठी हा भेद केवळ तात्त्विक नाही. उदगीरच्या तहात निजामाने सुमारे साठ लक्ष उत्पन्नाचा मुलूख देऊ केला होता. पानिपतानंतर तो पुन्हा उचल खाऊन उठला आणि १० ऑगस्ट १७६३ रोजी राक्षसभुवनला गोदाकाठी हरूनही टिकला. मराठवाड्यावरील हैदराबादची सत्ता १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत चालली. गंगाधरपंतांना दुसरा इतिहास मुंबईच्या रस्त्यांवर भेटतो, कंपनीच्या रूपाने. मराठवाड्यात मात्र ‘पानिपत जिंकले असते तर’ या प्रश्नाच्या मागे निजामाचे काय झाले असते, हा प्रश्न अटळपणे येतो. कथेतील पान पुण्या-मुंबईच्या स्मृतीला जोडून वाचले गेले आहे. ते परतूर-मानवतच्या बाजूने वाचणे हे समीक्षेचे शिल्लक राहिलेले काम आहे.