आधी ऐका, मग हुकूम काढा

चंपारणच्या निळीची हकीकत आपण सारे शाळेत शिकलो. पण त्या प्रकरणाला तोंड फुटले ते दंडाधिकाऱ्याच्या एका कागदाने, हे सहसा लक्षात येत नाही. १६ एप्रिल १९१७ रोजी फौजदारी संहितेच्या कलम १४४ खाली गांधीजींना हुकूम बजावण्यात आला : मिळेल त्या पहिल्या गाडीने जिल्हा सोडा. त्यांचे म्हणणे आधी कोणी विचारले नव्हते. त्यांनी हुकूम मोडला आणि १८ एप्रिलला मोतिहारीच्या कोर्टात त्याचे कारण वाचून दाखवले. त्या दिवशी पाटण्याचे बॅरिस्टर मझहरुल हक धावून आले होते. थोड्याच दिवसांत सरकारने खटला मागे घेतला. म्हणजे गांधीजींची बाजू ऐकली गेली, पण आरोपी झाल्यानंतर.

इंग्रज गेले, कलम राहिले. आता ते भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत १६३ क्रमांकाने १ जुलै २०२४ पासून लागू आहे. दंगल पेटायच्या बेतात असेल तर दंडाधिकाऱ्याने सुनावणीची तारीख देत बसावे, असे कोणी म्हणणार नाही. म्हणून तातडीच्या वेळी एकतर्फी हुकुमाची मुभा आहे. पण हुकूम रद्द करा असा अर्ज आला, तर अर्जदाराला लवकर भेटीस बोलावून ऐकले पाहिजे आणि अर्ज फेटाळल्यास कारणे लिहिली पाहिजेत. नागपूरच्या गिरणी कामगारांच्या वादातून आलेल्या बाबूलाल पराते खटल्यात १९६१ साली सर्वोच्च न्यायालयाने कलम वैध ठरवले, ते याच संरक्षणाकडे बोट दाखवून.

दुसरा टप्पा १९७० चा. मधू लिमये यांच्या मुंगेरच्या प्रकरणाचा निकाल सरन्यायाधीश एम. हिदायतुल्ला यांनी लिहिला. नागपुरात शिकलेले, तेथेच वकिली केलेले हे देशाचे पहिले मुस्लिम सरन्यायाधीश. त्यांनी सांगितले की, शांततेसाठी जामीन मागताना नोटिशीत मिळालेल्या माहितीचा सारांश हवा. नाही तर माणूस उत्तर कशाला देणार? चौकशी सुरू होण्याआधीच हंगामी बंधपत्र मागून ते न दिल्याबद्दल कोठडीत टाकता येणार नाही.

आपल्या मोहल्ल्यांत यालाच ‘चॅप्टर केस’ म्हणतात. सणावारांच्या तोंडावर नोटीस येते, पोरगा जातो, पुढे केलेल्या कागदावर सही करतो आणि सुटलो म्हणून घरी येतो. समोर बसलेला कार्यकारी दंडाधिकारी कधी तहसीलदार असतो, तर आयुक्तालयाच्या शहरांत पोलीस अधिकारीच असतो. सही करण्याआधी ‘माझ्याविरुद्ध माहिती काय आहे?’ असे विचारण्याचा त्याचा हक्क आहे, हे त्याला कोणी सांगितलेले नसते.

तडीपारीचे तसेच. १९५१ च्या मुंबई पोलीस कायद्यात (आजच्या महाराष्ट्र पोलीस कायद्यात) कलम ५९ नुसार आरोपांचे सर्वसाधारण स्वरूप लेखी कळवावे लागते, खुलाशाची संधी द्यावी लागते, वकीलही लावता येतो. मात्र घाबरलेल्या साक्षीदारांची नावे व तपशील मिळत नाहीत; १९७३ च्या पंढरीनाथ रांगणेकर निकालाने ते मान्य केले. साक्षीदाराच्या जिवाचा प्रश्न खराच आहे. पण ज्याला दोन वर्षांपर्यंत घर आणि धंदा सोडून राहावे लागू शकते, त्याने तारीख-वार नसलेल्या आरोपाला उत्तर कसे द्यावे, हा प्रश्नही तेवढाच खरा आहे. २०२२ साली सर्वोच्च न्यायालयाने तडीपारी हा असामान्य उपाय असल्याचे बजावले आणि पूर्ण दोन वर्षांची मुदत कारण न देता लादता येणार नाही असे म्हटले.

यमनला काझी म्हणून निघालेल्या हजरत अलींना प्रेषितांनी (स.) दुसऱ्या पक्षाचे ऐकल्याशिवाय निवाडा करू नये अशी ताकीद दिली होती. ही शिकवण आपण वाझमध्ये ऐकतो. ती तहसील कचेरीच्या दारातही आठवली पाहिजे. हुकूम काढणाऱ्याने ऐकणे हे त्याचे कर्तव्य. पण नोटीस वाचणे, तिची प्रत मागणे, लेखी उत्तर देणे आणि त्याची पोच घेणे हे आपले काम आहे. कायद्याने दिलेली संधी आपण मागितली नाही, तर कागदावर ती दिल्याचीच नोंद होते.