सटवाईची लेखणी

मूल जन्मल्यावर सहाव्या रात्रीं सटवाई येते आणि त्याच्या कपाळावर त्याचें नशीब लिहून जाते, ही समजूत मराठी मुलखांत इतकी रुळलेली आहे कीं, तिचा उगम कोणी सहसा विचारीत नाहीं. भंडाऱ्याहून नागपुरास जाणाऱ्या हमरस्त्यावरील शहापुरापासून थेट कोंकणपट्टीपर्यंत कोठेंही जा, ‘सटवीनें लिहिलें तें चुकत नाहीं’ हें वाक्य समजावून द्यावें लागणार नाहीं. बाळंतिणीच्या खोलींत पाटा-वरवंटा पुजावा, दिवा रात्रभर तेवत ठेवावा आणि जवळ कोरा कागद व लेखणी ठेवावी, हा विधि आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांच्या घरीं झालेला असेल.

आम्हांस येथें विचार करावयाचा आहे तो देवीचा नव्हे, त्या लेखणीचा. तिनें लिहिलेलें पुसतां येत नाहीं. आणि ज्याच्याविषयीं लिहिलें, त्याला तें वाचतांही येत नाहीं. अशी अद्भुत वस्तु कल्पिली कोणीं?

पंडितांच्या वाङ्मयांतही दैवी लेखण्या आहेत. व्यासांनीं महाभारत सांगितलें व गणपतीनें तें लिहून घेतलें, ही कथा सर्वांस ठाऊक आहे. पण पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरानें हस्तलिखितें ताडून महाभारताची जी संशोधित आवृत्ति काढली, तिच्या १९३३ सालीं पुऱ्या झालेल्या आदिपर्वांत डॉ. सुकथनकरांनीं हा प्रसंग मूळ संहितेंतून काढून परिशिष्टांत घातला. गंमत अशी कीं, त्या प्रक्षिप्त भागांतही गणपति साध्या लेखणीनेंच लिहितो. मोडक्या दांताची लेखणी ही त्याहून मागाहूनची भर होय. शिवमहिम्न स्तोत्राचीही तीच गति. कल्पवृक्षाची फांदी लेखणी, समुद्र दौत आणि पृथ्वी कागद, अशी भव्य कल्पना ज्या श्लोकांत आहे, तो आमच्याकडे मुलांसही पाठ असतो. परंतु नर्मदेच्या कांठीं मांधाता येथील अमरेश्वराच्या देवळांत इ. स. १०६३ मध्यें हें स्तोत्र दगडावर कोरलें, तेव्हां त्यांत एकतीस श्लोक होते आणि लेखणीचा हा श्लोक त्यांत नव्हता. ज्यांनीं ग्रंथ उतरून घेतले, त्यांनींच हळूच आपलें हत्यार देवाच्या हातीं दिलें, असें आम्हांस वाटतें. बोरू घासून घासून ज्याचीं बोटें काळीं झालीं, त्या लेखकाला एवढी हौस असावयाचीच! चित्रगुप्ताच्या वहीविषयीं वेगळें लिहिण्याची जरुरी नाहीं. उत्तर हिंदुस्थानांतील कायस्थ यमद्वितीयेस त्याच्यासह दौत-लेखणीही पूजितात, यांत सर्व आलें.

सटवाईची लेखणी मात्र लेखकाच्या घरची नव्हे. ती ज्यांच्या खोलींत येते, त्यांतील बहुतेकांस अक्षरओळख नव्हती. जुन्या मराठी कागदांखालीं सह्यांच्या जागीं काय आढळतें तें पाहावें. कुणब्याच्या नांवापुढें नांगराची निशाणी, बाईच्या नांवापुढें बांगडीची; वरचा सर्व मजकूर मात्र दुसऱ्याच्या हातचा. कर्ज किती, व्याज किती, जमीन कोणती, हें त्या काळ्या ओळींत असे आणि ज्याचें सर्वस्व त्यांत गुंतलें, तो नांगराचें चित्र काढून उठे. पुढें नांगर गेला व अंगठा आला. निरक्षराला ‘अंगठेबहाद्दर’ म्हणून हिणविणें सोपें आहे. पण न वाचतां येणाऱ्या लिखाणानें घर बुडतें, हा अनुभव ज्यास पिढ्यान्पिढ्या आला, त्यानें दैवाची कल्पना लेखणीवांचून कशी करावी?

हें केवळ तर्काचें बोलणें नव्हे. भंडारा जिल्ह्यानें असा चमत्कार एकदां प्रत्यक्ष पाहिला आहे. भोंसल्यांच्या राज्यांत मालगुजार हा मुख्यत्वें गांवचा वसूल सरकारांत भरणारा मक्तेदार होता. १८५४ सालीं नागपूरचें राज्य इंग्रजांनीं खालसा केलें, १८६१ सालीं मध्यप्रांत बनविला, आणि त्या दशकांतील बंदोबस्तांत या मालगुजारांस गांवाचे मालक म्हणून नोंदलें. जमीन तीच, नांगरणारा तोच, धानाचा बांधही तोच. परंतु वहींत एका रकान्यांतलें नांव दुसऱ्या रकान्यांत गेलें आणि काल जो वसूल गोळा करीत होता तो आज धनी झाला, व पुष्कळ कास्तकार त्याचीं कुळें ठरले. ज्या तलावांवर या जिल्ह्याची धानशेती चालते, तेही त्याच नांवावर चढले. यांतील कित्येक तलाव कोहळी लोकांनीं आपल्या कसबानें बांधलेले होते. हीं पानें लिहिली जात असतां गांवांत कोणास तीं वाचतां येत होतीं? १९५० च्या कायद्यानें मालगुजारी गेली व तलाव सरकारजमा झाले. तरी कागदोपत्रीं ते अजून ‘माजी मालगुजारी तलाव’च आहेत. लेखणीनें दिलेलें नांव लेखणीनें काढून घेतलें, तरी त्याचा डाग असा राहतो.

याच जिल्ह्यांत पवनी येथें १९६९-७० सालीं नागपूर विद्यापीठ व पुराणवस्तुसंशोधन खातें यांनीं उत्खनन केलें, तेव्हां बौद्ध स्तूपाचे जे अवशेष निघाले, त्यांवर ब्राह्मी अक्षरांत दान देणाऱ्यांचीं नांवें सांपडलीं. दोन हजार वर्षांपूर्वींच्या त्या माणसांनीं आपलें नांव स्वतःच्या पुण्याईसाठीं खोदवून घेतलें. बाळाच्या कपाळावरील लेखाहून हें लिखाण किती निराळें! देणाराच येथें लिहविणारा आहे, आणि लेख सर्वांनीं वाचावा म्हणूनच उघड्यावर ठेविलेला आहे.

आतां बाळंतपणें दवाखान्यांत होतात. १९६९ च्या कायद्याप्रमाणें जन्माची खबर निबंधकाकडे एकवीस दिवसांत द्यावी लागते. सटवाईला सहा दिवस पुरत, सरकारास एकवीस लागतात, एवढा फरक खरा. पण या दुसऱ्या कागदावर आईचें नांव असतें, तो मागून घेतां येतो, आणि त्यांत चूक झाली असल्यास ती दुरुस्त करून मिळते. पाट्याजवळचा कागद सकाळीं उचलतांना कोणी तो वाचून पाहिल्याचें आम्हीं ऐकलेलें नाहीं.