हाईम केहिमकर : अलिबागच्या बेने इस्राएलांचा इतिहास लिहिणारा माणूस

अलिबागला फिरायला जाणाऱ्यांना किहीमचा किनारा माहीत असतो. त्याच्याच शेजारचं नवगाव मात्र फारसं कुणी थांबून बघत नाही. महाराष्ट्रातला मराठी बोलणारा ज्यू समाज, म्हणजे बेने इस्राएल, आपली सुरुवात या गावापासून मोजतो. समाजाच्या आठवणीनुसार नवगावजवळ त्यांच्या पूर्वजांचं जहाज फुटलं आणि त्यातून सात पुरुष आणि सात बायका वाचल्या. किनाऱ्याला लागलेली प्रेतं तिथेच पुरली, पुरुषांची एकीकडे आणि बायकांची दुसरीकडे.

ही आठवण पुस्तकात नीट मांडली ती हाईम सॅम्युएल केहिमकर यांनी. त्यांचा जन्म १८३० साली अलिबागचा, आणि आडनाव अर्थातच किहीमवरून. नवगावकर, पेणकर, रोहेकर, दिवेकर ही आडनावंही अशीच गावांवरून आली.

या समाजाचा मूळ धंदा तेलाच्या घाण्याचा. शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून शेजाऱ्यांनी त्यांना ‘शनिवार तेली’ म्हटलं. हिब्रू विसरली होती, धर्मग्रंथ जवळ नव्हते. राहिलं होतं ते शनिवारचा विसावा, सुंता आणि ‘शेमा’ ही प्रार्थना. जहाज फुटल्याचा काळ केहिमकरांनी इसवी सनापूर्वी १७५ च्या सुमाराचा धरला. याला लेखी पुरावा नाही, त्यामुळे आजचे अभ्यासक हा काळ जपूनच वापरतात.

त्यांच्या पुस्तकाचं खरं मोल वेगळ्या ठिकाणी आहे. बगदादहून मुंबईत आलेल्या श्रीमंत ज्यूंना बेने इस्राएल आपल्या बरोबरीचे वाटत नव्हते. १८३६ साली तर त्यांनी सामाईक दफनभूमीत मधे भिंत घालून मिळावी, असा अर्ज सरकारकडे केला. मेल्यावरही शेजार नको! अशा वेळी ‘आम्हीही ज्यूच’ हे सांगायला इतिहास लागतो. पण केहिमकरांनी फक्त दुसऱ्यांचे दोष दाखवले नाहीत. आपल्याच समाजातल्या ‘गोरे’ आणि ‘काळे’ इस्राएल या भेदाचीही त्यांनी नोंद केली. आई ज्यू नसलेल्यांच्या वंशजांना ‘काळे’ म्हणत आणि त्यांच्याशी लग्नं जुळवत नसत. समाजाची बाजू मांडायला बसलेला माणूस हे सहज गाळू शकला असता.

लिहिण्याबरोबर ते शाळाही चालवत. १८७५ साली त्यांनी मुंबईत बेने इस्राएल मुलांसाठी सुरू केलेली शाळा पुढे माझगावची सर एली कदुरी शाळा झाली. गंमत म्हणजे हे कदुरी मूळचे बगदादी ज्यू, ज्यांनी पैसा कमावला तो चीनमध्ये, शांघाय आणि हाँगकाँगला.

इंग्रजीतला हा इतिहास १८९७ साली लिहून झाला, पण केहिमकरांच्या हयातीत छापला गेला नाही. तो निघाला १९३७ मध्ये, तोही तेल अवीवला, इमॅन्युएल ओल्सवांगर यांच्या संपादनाखाली.

नंतर समाजातले बहुतेक लोक इस्राएलला गेले, आणि जुना प्रश्न तिथेही उभा राहिला. १९६२ साली तिथल्या मुख्य धर्मगुरूंच्या मंडळाने बेने इस्राएलांच्या लग्नाआधी वंशाची चौकशी करायचा आदेश काढला. समाज रस्त्यावर उतरला. १९६४ साली इस्राएलच्या संसदेने ठराव करून सांगितलं, की हे सर्व अर्थांनी ज्यूच आहेत.

अलिबागच्या इस्राएल आळीतलं मागेन आबोत सिनेगॉग आजही उभं आहे.