काचेच्या कापडाचं गाव कोणतं?

घराचा गिलावा सुरू असताना विटांची भिंत जिथं काँक्रीटच्या खांबाला भेटते, तिथं पुढे चीर पडते, हे कुठलाही गवंडी सांगेल. त्यावर उपाय म्हणून हल्ली त्या जोडावर एक जाळी लावतात. पांढरी किंवा निळी, हलकी, हाताला जराशी चरचरणारी. ही जाळी काचेची असते. काचेचं सूत काढून ते मागावर विणलेलं. डासांसाठी खिडकीला लावतात त्या राखाडी जाळीतही पुष्कळदा काचेचाच धागा असतो, वर फक्त प्लास्टिकचा लेप.

काचेचं कापड म्हटलं की ऐकणाऱ्याला ती थट्टा वाटते. जकातखात्यालासुद्धा त्याचं काय करावं हा प्रश्न पडला असावा. जगभरच्या आयात शुल्काच्या कोष्टकात कापूस, लोकर, रेशीम यांची प्रकरणं वेगळी आहेत. हे कापड मात्र सत्तराव्या प्रकरणात, बरण्या, आरसे आणि बांगड्यांच्या शेजारी जाऊन बसलं आहे. पण त्याचा धंदा पाहाल तर तो अस्सल कापडाचा धंदा आहे. कापडाच्या व्यापाराच्या इतिहासाचा एक विद्यार्थी म्हणून मला या कापडाचं कुतूहल वाटू लागलं ते यामुळेच. दीडशे वर्षांपूर्वी मुंबई आणि मँचेस्टर ज्या प्रश्नावर भांडत होते, तोच प्रश्न या काचेच्या कापडानं युरोपच्या न्यायालयात नेऊन ठेवला. तो प्रश्न असा, की कापड कुठलं हे ठरवायचं कशावरून?

आधी हे सूत निघतं कसं ते थोडक्यात सांगतो. वाळू, चुनखडी, चिनी माती वगैरे भट्टीत वितळवतात. प्लॅटिनम आणि ऱ्होडियम या महागड्या धातूंच्या पात्राला तळाशी शेकडो बारीक छिद्रं असतात, त्यातून बाराशे अंशांच्या वर तापलेला हा रस ओघळतो आणि खालून तो प्रचंड वेगानं ओढला जातो. तंतू निघतो तो केसाच्या चौथ्या-पाचव्या हिश्शाइतका बारीक. मग त्याला खळ देतात. गिरणगावातल्या माणसाला खळ म्हणजे काय हे सांगायला नको. फक्त इथली खळ रसायनांची. तंतूंचा जो पेड होतो त्याला ‘रोव्हिंग’ म्हणतात, आणि हा शब्दही आपल्या सूतगिरण्यांतलाच.

अमेरिकेतल्या एडवर्ड लिबी या काचकारखानदारानं १८९३ च्या शिकागो प्रदर्शनात काच आणि रेशीम एकत्र विणून केलेला झगा मांडला होता. लोकांनी डोळे विस्फारून पाहिला, पण तो अंगात घालून धड बसता येईना. कामाचा धागा निघायला आणखी चाळीस वर्षं गेली. १९३२ साली ओवेन्स-इलिनॉय या कंपनीत डेल क्लाइस्ट हा तरुण संशोधक काचेचे ठोकळे एकमेकांना सांधू पाहत होता. दाबाच्या हवेचा झोत वितळलेल्या काचेवर पडला आणि काचेचे तंतू उडाले. १९३८ मध्ये ओवेन्स-कॉर्निंग ही कंपनी निघाली. पुढे या कापडाला राळेची जोड मिळाली आणि होड्या, टाक्या, नळ, विजेच्या सर्किटचे पत्रे आणि अलीकडे पवनचक्क्यांची प्रचंड पाती, असा त्याचा पसारा वाढत गेला. पवनचक्कीचं पातं आपल्याला एकसंध दिसतं, पण त्याच्या पोटात या कापडाचे थरावर थर असतात.

विसाव्या शतकाच्या अखेरीस या धंद्याचं केंद्र चीनकडे सरकू लागलं. चेजियांग प्रांतातलं थोंगशियांग हा पिढ्यानपिढ्या रेशमाचा मुलूख. तिथली जूशी ही कंपनी काचेच्या धाग्याची जगातली सर्वांत मोठी उत्पादक झाली. तिच्या मागं चीनचा सरकारी मालकीचा सीएनबीएम हा बांधकाम साहित्याचा अवाढव्य समूह. चीनमध्ये भट्ट्या इतक्या वाढल्या की माल बाहेर पाठवणं भाग होतं, आणि युरोपसारखं मोठं गिऱ्हाईक दुसरं नव्हतं.

पहिली ठिणगी पडली ती आपल्या गिलाव्याच्या जाळीवरून. थंड देशांत घराला बाहेरून थर्मोकोलसारख्या पाट्या लावून उबदार करतात आणि त्यावर जाळी घालून गिलावा करतात, त्यामुळे तिथं या जाळीला मोठी मागणी. चिनी जाळी पडेल भावानं येते, अशी तिथल्या कारखानदारांची तक्रार होती. युरोपीय संघानं २०११ च्या ऑगस्टमध्ये चिनी जाळीवर डम्पिंगविरोधी शुल्क लावलं. कंपनीगणिक दर वेगळा, पण वरचा दर ६२.९ टक्के. व्याख्या अशी चोख, की ज्या जाळीची छिद्रं दोन्ही बाजूंनी १.८ मिलिमीटरपेक्षा मोठी आणि वजन चौरस मीटरला ३५ ग्रॅमपेक्षा जास्त, ती या शुल्काखाली. डासांच्या जाळीची छिद्रं त्याहून बारीक, म्हणून ती बचावली.

आणि मग सुरू झाला पाठशिवणीचा खेळ. चीनमधून येणारी जाळी घटली आणि मलेशियाची जाळी अचानक वाढली. २०१२ च्या जुलैमध्ये युरोपनं तेच शुल्क मलेशियातून येणाऱ्या जाळीला लावलं. जानेवारी २०१३ मध्ये तैवान आणि थायलंडला. डिसेंबर २०१३ मध्ये पाळी आली इंडोनेशियाची आणि भारताची. चिनी माल या देशांत नुसता उतरतो, कागद बदलतो आणि पुढे जातो, असा युरोपीय आयोगाचा निष्कर्ष होता.

इथं मला थोडं थांबावंसं वाटतं. शुल्क लागलं ते ‘भारतातून रवाना झालेल्या’ जाळीवर, म्हणजे सरसकट. पण आपल्याकडे खरोखर माग चालवून जाळी विणणारे कारखानेही होते. त्यांच्यावर आपला खरेपणा सिद्ध करायची वेळ आली. प्रश्नावल्या भरायच्या, सूत कुठून घेतलं, किती घेतलं, किती विणलं, याच्या वह्या दाखवायच्या, तपासणीला येणाऱ्यांना माग चालू स्थितीत दाखवायचे. ज्यांना हे जमलं त्यांना सूट मिळाली. काहींना लगेच, काहींना वर्षांनी. मोठ्या कंपनीला ब्रसेल्समध्ये वकील देता येतो. दहा-वीस मागांच्या धन्याला स्वतःच्याच कापडाचा जन्मदाखला आणायला सांगितलं, तर तो पुष्कळदा गिऱ्हाइकालाच रामराम ठोकतो.

हे आपल्याला नवं आहे का? १८८९ च्या मर्चंडाइज मार्क्स कायद्यानं हिंदुस्थानात आयात होणाऱ्या कापडाच्या ठाणावर लांबी वारांत छापायची सक्ती केली होती. परदेशी मालावर ब्रिटिश कारखानदाराचं नाव मिरवायचं असेल, तर तो खरा कुठं तयार झाला हेही सांगावं लागे. आणि पुढे १८९६. परदेशी कापडावर साडेतीन टक्के आयात शुल्क बसलं. पण मँचेस्टरवर अन्याय नको, म्हणून मुंबईच्या गिरण्यांत विणल्या जाणाऱ्या कापडावरही तेवढीच साडेतीन टक्के अबकारी! तिचं इंग्रजी नाव काउंटरव्हेलिंग एक्साइज, म्हणजे पारडं समतोल करणारा कर. त्यावरून आपल्याकडे केवढं रान उठलं, टिळकांनी परदेशी कापडाच्या बहिष्काराचा पुकारा केला, हे आपण जाणतो. हा कर हटायला १९२५ चा डिसेंबर उजाडावा लागला, तोही मुंबईच्या गिरण्यांत मोठा संप होऊन गेल्यावर.

गंमत अशी की, काउंटरव्हेलिंग हा शब्द याच सरकारनं उलट्या दिशेनंही वापरला. जर्मनी आणि ऑस्ट्रियाची सरकारं आपल्या बीटच्या साखरेला निर्यातीसाठी बक्षिशी देत. ती स्वस्त साखर इथं येऊ लागली, तेव्हा कर्झनच्या सरकारनं १८९९ मध्ये बक्षिशीची भरपाई करणारं शुल्क त्या साखरेवर लावलं. परकं सरकार पैसे ओतून माल स्वस्त करत असेल, तर तेवढीच रक्कम बंदरावर वसूल करायची, हे तत्त्व आजही तसंच्या तसं लागू आहे. फक्त १८९९ मध्ये बक्षिशी देणारं सरकार आणि साखर काढणारा देश एकच होते. ते दोन वेगळे असले तर काय, हा प्रश्न त्या वेळी कुणाला पडला नव्हता.

तो पडला इजिप्तमुळे.

सुएझच्या दक्षिणेला, तांबड्या समुद्राच्या काठी ऐन सोखना नावाचं ठिकाण आहे. अर्थ, उष्ण झरा; आपल्या वज्रेश्वरीसारखं म्हणा ना. तिथं चीन आणि इजिप्त यांनी मिळून औद्योगिक वसाहत उभारली. जूशीनं २०१२ मध्ये तिथं कंपनी काढली, २०१४ मध्ये धागा निघू लागला आणि २०१८ पर्यंत क्षमता वर्षाला दोन लाख टनांवर गेली. शेजारीच हेंगशी ही कंपनी, तीही त्याच चिनी समूहातली, जूशीच्या धाग्याचं कापड विणू लागली, विशेषतः पवनचक्कीच्या पात्यांसाठी. जागा तर अशी मोक्याची की कालवा ओलांडला की भूमध्य समुद्र आणि समोर युरोप. एके काळी लांब धाग्याच्या कापसासाठी नावाजलेला देश आता काचेचा धागा काढू लागला.

युरोपमधल्या विणकर कारखान्यांच्या ‘टेक-फॅब युरोप’ या संघटनेनं तक्रार केली आणि २०१९ मध्ये चौकशी लागली. एप्रिल २०२० मध्ये इजिप्तच्या कापडावर २० टक्के डम्पिंगविरोधी शुल्क आलं. खरी नवलाई जूनमधल्या दुसऱ्या आदेशात होती. इजिप्तच्या कापडावर अनुदानविरोधी शुल्क, १०.९ टक्के. पण अनुदान दिलं कुणी? कर्ज आणि भांडवल आलं ते प्रामुख्यानं चीनच्या सरकारी बँका आणि सरकारी कंपन्यांकडून. कंपन्यांचं म्हणणं, कायद्यात अनुदान म्हणजे माल जिथला त्या देशाच्या सरकारनं दिलेलं. चीनचा पैसा इजिप्तच्या खात्यावर कसा टाकता? आयोगाचं उत्तर असं, की इजिप्त सरकारनं ही वसाहत चीनबरोबर मिळून उभी केली, २०१६ च्या जानेवारीत दोन्ही सरकारांनी तसा करार केला, म्हणजे चीनचा पैसा इजिप्तनं जाणूनबुजून आपलाच मानला. दुसऱ्यानं दिलेलं अनुदान घरच्या सरकारच्या नावे मांडण्याचा युरोपच्या इतिहासातला हा पहिलाच प्रसंग.

पुढचं वळण ओळखीचं आहे. इजिप्तचा धागा मोरोक्कोत नेऊन तिथं शिवायचा आणि कापड युरोपला पाठवायचं. फेब्रुवारी २०२२ मध्ये युरोपनं शुल्क मोरोक्कोपर्यंत ताणलं, सप्टेंबरमध्ये तुर्कस्तानपर्यंत. यासाठी युरोपच्या नियमात एक हिशेब आहे. मालाच्या एकूण सुट्या सामग्रीत साठ टक्के किंवा जास्त किंमत शुल्क लागलेल्या देशाच्या सामग्रीची असेल आणि नव्या जागी भर पडलेलं मूल्य उत्पादनखर्चाच्या पंचवीस टक्क्यांच्या वर नसेल, तर ती नुसती जुळणी समजायची. एका वाक्यात विणकराच्या मेहनतीचं माप काढलं आहे!

मला स्वतःला इजिप्तच्या निकालातलं तर्कशास्त्र पटतं. पैसा कुणाचा हे न पाहता फक्त मागाचा पत्ता पाहिला, तर कायदा निरर्थक होईल. पण मन तिथं थांबत नाही. १८५४ साली कावसजी दावर यांनी मुंबईत गिरणी काढली, तेव्हापासून आपल्या गिरण्यांतली यंत्रं लँकेशायरहून आली, कितीतरी ठिकाणी वरच्या जागांवर माणसंही तिथलीच. म्हणून मुंबईचं कापड कुणी विलायती म्हटलं नाही. ते स्वदेशीच ठरलं, आणि त्यावर हजारो घरं चालली. ऐन सोखनाच्या मागावर उभ्या राहणाऱ्या इजिप्शियन कामगारालाही आपलं कापड आपल्या देशाचंच वाटत असणार. सरकारी बँकेचं स्वस्त कर्ज आणि लँकेशायरचं रोखीनं घेतलेलं यंत्र एक नव्हे, हे खरं. तरी त्या कामगाराला हा फरक समजावून सांगायची जबाबदारी माझ्यावर येऊ नये.

कंपन्या आणि त्यांचे वकील लढत राहिले. मार्च २०२३ मध्ये युरोपीय संघाच्या जनरल कोर्टानं आयोगाची बाजू उचलून धरली आणि २८ नोव्हेंबर २०२४ रोजी लक्झेंबर्गच्या वरिष्ठ न्यायालयानं अपिलंही फेटाळली.

आपल्याकडेही हेच नाटक वेगळ्या पात्रांनी झालं. काचेचा धागा आपण करतो. रायगड जिल्ह्यात तळोजाला आणि गोव्यात कोलवाळला त्याचे मोठे कारखाने उभे राहिले. चिनी धागा स्वस्तात येतो म्हणून भारत सरकारनं २०११ मध्ये त्यावर डम्पिंगविरोधी शुल्क लावलं आणि पुढे त्याची मुदत वाढवली. धागा काढणाऱ्याला दिलासा मिळाला. पण जो धागा विकत घेऊन मागावर जाळी विणतो, त्याचा कच्चा माल महाग झाला, आणि तयार जाळी घेऊन तो युरोपच्या दारात गेला तर तिथं त्यालाच विचारणार, हे तुझंच का?

सूट मिळालेल्या कारखान्याचीही त्यातून पुरती सुटका नसते. युरोपला जाणाऱ्या प्रत्येक बिलावर त्यानं लिहून द्यायचं, की या बिलातला इतका माल अमुक कंपनीनं अमुक पत्त्यावर अमुक देशात तयार केला आहे. खाली जबाबदार माणसाचं नाव, हुद्दा, तारीख आणि सही. ती नसेल तर शुल्क पूर्ण.