तळटीप २३ : ‘पॅच घरूनच बांधून नेला’

येथे पॅच म्हणजे रोलंड जीआर-५५ (२०११) या गिटार सिंथेसायझरमध्ये साठवलेला तयार आवाज. गिटारच्या घोडीलगतचा खास पिकअप सहाही तारांचे सूर वेगवेगळे उचलतो आणि तेरा पिनांच्या केबलने सिंथेसायझरच्या पेटीत धाडतो. पेटीचा पडदा एवढासा. एकेक पान उलगडत आवाज घडवायचा, तर अंधेरीच्या स्टुडिओत ताशी भाडे चढत राहते. म्हणून लेखक बोरिवलीहून निघण्याआधीच यूएसबीने पेटी लॅपटॉपला जोडत. रोलंडचा लायब्ररियन पॅच सांभाळण्यापुरता. आवाजाची आतून दुरुस्ती करणारा ‘फ्लोअरबोर्ड’ हा एडिटर मात्र वापरणाऱ्यांपैकीच एकाने लिहून फुकट दिला. (कंपन्यांनी खजील व्हावे अशी ही गोष्ट!) पेटीत नसलेली सारंगी हवी, तर मिडीवाटे लॅपटॉपमधले वाद्य वाजवता येते. त्यासाठी प्रत्येक तारेला स्वतंत्र चॅनेल द्यावा आणि पिच-बेंडची मर्यादा दोन्हीकडे सारखी ठेवावी. पेटीत १२ अर्धस्वर आणि लॅपटॉपवर २ राहिली, की मींड भलत्याच सुरावर जाऊन पडते. खर्जाच्या तारेचा सूर ओळखण्यातला ‘उशीर’ मात्र एडिटरनेही जात नाही : ८२ हर्ट्झच्या एका आवर्तनालाच १२ मिलिसेकंद लागतात.